शिळोबाचं पाऊल

स्वयंपाकघरात फळीवरून स्टीलची वाटी पडली. पडून गप्प बसली असती तरी चाललं असतं, पण ती फरशीवर कडेनं गरगरत राहिली, आधी सावकाश, मग भराभर, आणि शेवटी झणझणत आडवी झाली. मग घर पुन्हा चिडीचूप. आतल्या खोलीत अपेक्षानं डोळे मिटून घेतले, कानावरचा हेडफोन मानेवर ओढला आणि रेकॉर्डिंग थांबवलं.

"मांजर हुतं," बाहेरून गिरिजाबाईंचा आवाज आला.

घरात मांजर नव्हतं. पण सासूशी मांजरावरून वाद घालायची ही वेळ नव्हती. मेचं ऊन जुळे सोलापूरच्या गच्च्यांवर नुसतं ओतत होतं. पंखा बंद, फ्रिज बंद, खिडक्या बंद. तिची लेक शिवू नुकतीच झोपली होती. ती उठेपर्यंत जो काय वेळ मिळेल तेवढाच अपेक्षाचा. तिनं पदरानं मान पुसली, "चला आत्या, पुन्हा पहिल्यापासून," असं दारातून सांगितलं आणि हेडफोन कानावर चढवला.

गेममध्ये जे जे काही ऐकू येतं ते बनवायचं, हे अपेक्षाचं काम. दार करकरलं, तलवार म्यानातून निघाली, गवतातून कुणी पळालं, तर तो आवाज कुणीतरी कुठंतरी बसून केलेला असतो, हे माळशिरसला तिच्या माहेरी अजून कुणाला पटलेलं नाही. पुण्याच्या एका कंपनीनं 'अस्तगड' नावाचा गेम काढला, राजे, किल्ले, जादू आणि राक्षसांचा, त्याचे आवाज करणाऱ्यांत ती होती. त्यातली सांगाड्यांची फौज चालून येते तेव्हा हाडं कडाकडा मोडतात. ती हाडं म्हणजे सोलापूरहून डब्यात आलेली कडक भाकरी, अपेक्षानं माइकसमोर एकेक तुकडा करून मोडलेली. खेळणाऱ्या पोरांनी त्या आवाजाची एवढी तारीफ केली, की पुण्याच्या ऑफिसात तिला भाकरीवाली म्हणायला लागले.

तो गेम बाजारात आला तेव्हा शिवू पोटात होती. मग सोलापूर, बाळंतपण, नवऱ्याची, मल्लिनाथची, टॉवेलच्या कारखान्यातली पाळी, आणि घरून मिळेल तेवढं काम. आता 'अस्तगड'चा दुसरा भाग यायचा होता. त्यातली दारं तिची, चिल्लर खुळखुळते ती तिची, पायाखालचा पाचोळाही तिचा. पण जो खरा मानाचा आवाज होता, तो शिळोबाचा, आणि तो हैदराबादच्या मोठ्या स्टुडिओला जाणार होता.

शिळोबा म्हणजे दगडाचा महाकाय राक्षस. घाटाच्या तोंडाशी डोंगर होऊन झोपलेला असतो. खेळणारा त्याच्या अंगावर चढला की जागा होतो, आणि त्याला पाडल्याशिवाय पुढची वाट उघडत नाही. असल्या शत्रूला खेळातली माणसं बॉस म्हणतात. गिरिजाबाईंनी हे ऐकून विचारलं होतं, बॉस म्हणजे तुमचा साहेब का, आणि साहेबाला पाडायचं असेल तर मी पण खेळीन म्हणाल्या होत्या.

अपेक्षानं शिळोबा मागून घेतला होता. पुण्यातल्या युवराजसरांनी फोनवर बराच वेळ समजावलं. घरून करण्यातलं काम नाही हे, ट्रेलर तोंडावर आलाय, तुझ्याकडे जागा नाही, शांतता नाही, लहान पोर आहे. सगळं खरंच होतं. शेवटी ते म्हणाले, शुक्रवार संध्याकाळपर्यंत पाठव. जमलं तर दुसऱ्या भागाचा सगळा आवाज तुझ्या हाताखाली. नाही जमलं तर दारं-पाचोळा आहेच, त्याला कुणी नाही म्हणत नाही. ते पाचोळ्याचं वाक्य त्यांनी सहज म्हटलं होतं. तेच तिला जास्त लागलं.

आज शुक्रवार होता.

शिळोबाच्या पावलासाठी पाटा आपटून झाला होता. वाळूचं पोतं गच्चीवरून टाकून झालं होतं, त्यावर शेजारची महानंदा भांडायलाही येऊन गेली होती. आणि मग परवा सकाळी गिरिजाबाई मागच्या पडवीत शेंगाचटणी कुटत होत्या, तेव्हा आतल्या खोलीत अपेक्षाच्या चहाच्या कपात बारीक लाट उठली. ते उखळ गिरिजाबाईंनी अक्कलकोटकडच्या गावाहून टेम्पोत घालून आणलेलं, अखंड काळ्या दगडाचं, पडवीच्या फरशीत पुरलेलं. पाऊल सापडलं, असं तिच्या मनानं तिथंच धरलं.

मग तिनं लग्नात आहेर आलेल्या सगळ्या चादरी काढल्या आणि पडवीत दोऱ्यांवर टाकून उखळाभोवती एक तंबू केला, म्हणजे आवाज घुमणार नाही. तंबूत माइक लावला, वायर खोलीत घेतली. सासूला तिच्या दोनच अटी होत्या. उखळ रिकामं हवं, म्हणजे दगडावर लाकूड असा स्वच्छ ठोका मिळेल. आणि तोंडातून आवाज काढायचा नाही.

दोन्ही अटी गिरिजाबाईंना मानवल्या नाहीत. "रिकामं उखळ कुटत न्हाईत," त्या म्हणाल्या. "घराला रितेपण येतं. आन् मुसळ खाली आलं की हं येतंच. आमी काय मुद्दाम काडतो का ते?"

अपेक्षानं हातापाया पडून कबूल करवून घेतलं. म्हणजे तिला तसं वाटलं.

आता हेडफोनमध्ये पहिला ठोका आला. चांगला होता, पण खाली काहीतरी करकरलं. दुसराही करकरला. उखळात खडी राहिली असेल, नंतर काढू, असं म्हणून तिनं चालू दिलं. ठोके पडत गेले. हळूहळू करकर दबली, ठोका जड झाला, ओलसर झाला, जसं कुणी चिखलात उतरतंय. आणि इतका वेळ दाबून धरलेला श्वास एकदाचा सुटला. हं. परत ठोका, परत हं.

अपेक्षा उठली, पडवीत गेली आणि चादर बाजूला केली. उखळात शेंगदाणे होते, लसूण होता, तिखट होतं. तेल सुटून सगळं लालभडक चमकत होतं. बाजूला ती मघाची वाटी, दाण्याची चार टरफलं तळाला चिकटलेली. म्हणजे हेच ते मांजर.

"रिकामं कुटून तुझ्या कामाला बरकत यील का?" गिरिजाबाई मुसळाला टेकून म्हणाल्या. घामानं त्यांचं कुंकू पसरलं होतं. "तूच सांग की."

"आत्या, माझं काम म्हणजे तुमची चटणी नव्हे," अपेक्षा म्हणाली.

बोलून गेल्यावर तिला वाटलं, जरा खालच्या आवाजात म्हणायला हवं होतं.  गिरिजाबाईंनी चटणी बरणीत भरली, उखळ फडक्यानं पुसलं आणि चादरीतून वाकून आत निघून गेल्या. ती उलटउत्तर न करणारी पाठ बघून अपेक्षाला जास्तच चिडचिड झाली, स्वतःची की त्यांची ते कळेना. पुन्हा कुटायला सांगायचं तोंडही उरलं नाही, आणि वेळही नाही, कारण खोलीतून शिवूची हाक आली.

तिनं असलेल्यातूनच काम भागवायचं ठरवलं. शिवूला शेजारी बसवलं, रेकॉर्डिंगमधला एक बरा ठोका निवडला, त्यातली करकर पुसली, श्वास कापला आणि तोच ठोका पुन्हापुन्हा लावत शिळोबाच्या पावलांखाली बसवला. चित्र सुरू केलं. शिळोबा चालला. पाऊल अगदी वेळेवर पडत होतं, आवाज स्वच्छ होता, कुणी नाव ठेवलं नसतं. पण दगडाचा राक्षस चालतोय असं नव्हतं वाटत, पिठाची गिरणी चाललीय असं वाटत होतं. ते पाठवलं तर काय होईल ते तिला नीट माहीत होतं. युवराजसर छान म्हणणार आणि आवाज हैदराबादला जाणार.

शिवूला भूक लागली होती. अपेक्षानं भाकरी आणली, आणि सासूच्या मनाची समजूत म्हणून की काय, ताजी चटणीही, तेल घालून कालवून. एका हातानं घास करणं आणि दुसऱ्या हातानं माउस धरणं जमेना. मग तिनं कापाकापी बाजूला ठेवली आणि नुसतंच सबंध रेकॉर्डिंग पहिल्यापासून लावून दिलं. समोर लढाईचं चित्र आपोआप चालत राहिलं.

चित्रात शिळोबा उठला. पहिलं पाऊल टाकलं, आणि खडक करकरून त्याच्या पायाखाली फुटला. तिचा घास हातातच राहिला. खेळणाऱ्यानं त्याच्या गुडघ्यावर वार केला, मग खांद्यावर. पावलं जड होत गेली. करकर सरली, तिच्या जागी दमट, खोल, चिकट असा ठोका आला, जसा थकलेला पाय वर उचलतच नाही. आणि शिळोबा गुडघ्यावर आला, नेमकं तेव्हा आवाज आला. हं.

अपेक्षाच्या अंगावर काटा आला. खोलीत पंखा बंद, घामानं पाठ भिजलेली, आणि काटा.

चटणी कुटताना जे होतं तेच लढाईत होत होतं. आधी टणक दाणा, मग भरड, मग तेल सुटून लगदा. एकच स्वच्छ ठोका हवा म्हणून ती हटून बसली होती, आणि चुकलं होतं ते तिथंच. राक्षसाला एक पाऊल नसतं. डौलात येतानाचं वेगळं, मरतानाचं वेगळं.

मग तिनं हात धुतले आणि कामाला बसली. कुटण्याची सुरुवात शिळोबाच्या उठण्याला, मधली भरड लढाईला, शेवटचा तेलकट ठोका कोसळण्याला. गिरिजाबाईंचा श्वास तिनं ताणला, खाली उतरवला, आणखी खाली, इतका की तो बाईचाही राहिला नाही आणि माणसाचाही, डोंगराच्या पोटातून वारा निघावा तसा झाला. शिवू मांडीवर येऊन बसली होती. त्या श्वासाला ती दचकली नाही. उलट पडद्यावरच्या शिळोबाला तिनं भाकरीचा तुकडा दाखवला, घे म्हणाली.

मल्लिनाथ पाळीवरून परतायच्या आत अपेक्षानं काम पाठवून दिलं. मग स्वयंपाकघरात गेली. गिरिजाबाई लसूण सोलत होत्या. तीही सोलायला बसली. मूठभर पाकळ्या सोलून झाल्यावर तिनं विचारलं, आत्या, उद्या अजून कुटावं लागलं तर कुटाल का, दाणे घालूनच.

"आन् ते हं?"

"ते तर पाहिजेच."

"सांगून येत न्हाय ते," गिरिजाबाई म्हणाल्या आणि लसणाचं ताट तिच्याकडे सरकवलं.

युवराजसरांचा फोन दुसऱ्या दिवशी आला.  त्यांनी आधी कुठल्या स्टुडिओत केलंस म्हणून विचारलं. तिनं मागच्या पडवीत असं सांगितलं, तेव्हा त्यांना ती थट्टा वाटली. श्वास कुणाचा, तर सासूबाईंचा, हे ऐकून मात्र ते मोठ्यानं हसले, आणि हसता हसता मध्येच थांबले. हैदराबादला नाही म्हणून कळवतो, असं म्हणाले. दुसऱ्या भागाचा आवाज तूच बघायचास. पुण्याला यायची गरज नाही, तिथूनच बघ. अपेक्षानं बरं सर एवढंच म्हटलं, फोन ठेवला, आणि पडवीत जाऊन उगाच एक चादर दोरीवरून काढली, घडी केली, परत उलगडली. महानंदानं भिंतीपलीकडून विचारलं, एकटीच काय हसतीस. पोतं पडणार नाही आता परत, अपेक्षा म्हणाली.

ट्रेलर आला तो त्यानंतरच्या आठवड्यात, रविवारी सकाळी. मल्लिनाथनं फोन टीव्हीला जोडला आणि आवाज इतका मोठा केला की शेजारून महानंदाही आली. गिरिजाबाईंनी इरकल साडी नेसली होती. कशाला विचारल्यावर, सहज, म्हणाल्या.

पडद्यावर धुकं, घाट, मशाली घेऊन चढत येणारी माणसं. डोंगराचे डोळे उघडले. पहिलं पाऊल पडलं, आणि मांडणीवरची ताटं थरथरली. महानंदानं तोंडावर हात ठेवला. मल्लिनाथ, ज्याला कारखान्याच्या यंत्रमागांपुढं कुठलाच आवाज मोठा वाटत नाही, तो नकळत खुर्चीत सरळ झाला. आणि शेवटी शिळोबा गुडघ्यावर येऊन तो खोल श्वास सोडतो, तेव्हा गिरिजाबाईंनी आपल्या गळ्याला हात लावून बघितलं.

मग नावं आली. काळ्या पडद्यावर पांढरी. गिरिजाबाईंनी टीव्हीच्या जवळ जाऊन बोट ठेवत एकेक अक्षर लावलं. ध्वनी, अपेक्षा मल्लिनाथ बिराजदार. त्याच्या खाली, शिळोबाचा श्वास, गिरिजाबाई बिराजदार. ते दुसरं नाव अपेक्षानं युवराजसरांशी बोलून घालून घेतलं होतं, घरात कुणाला सांगितलं नव्हतं.

"माझं कशाला घातलंस," गिरिजाबाई म्हणाल्या, आणि बोट काही पडद्यावरून काढेनात. मग महानंदाकडे वळून, जशी पोराची ओळख करून द्यावी तशा सुरात म्हणाल्या, "राक्षस आमच्या घरचाय, बरं का."

मल्लिनाथनं ट्रेलर परत लावला. परत बघितला. तिसऱ्यांदा लावला तेव्हा अपेक्षा बघत नव्हती, ती बघणाऱ्यांकडे बघत होती. गर्व करू नये हे तिला कळत होतं, पण आज तिनं स्वतःला तो मुकाट्यानं करू दिला.

शिवू मात्र टीव्हीसमोर मांडी घालून गंभीर बसली होती. शिळोबा तिसऱ्यांदा कोसळला, श्वास सोडला, मशालीवाले पुढे निघून गेले. ती उठून आईकडे आली.

"आई, शिळोबा झोपला होता ना?"

"हो."

"त्याच्या घरी?"

"हो गं, तो डोंगर त्याचाच."

शिवूनं परत एकदा पडद्याकडे बघितलं. खोलीतले सगळे तिच्याकडे हसून बघत होते, आणि अपेक्षाही हसतच होती.

"मग ती माणसं त्याच्या घरी येऊन त्यालाच कशाला मारतात?"