एकाच फडक्यात

मेंढीनं कोकराला तिसऱ्यांदा ढुशी मारली. कोकरू सीडरच्या कुंपणावर आपटलं, उठलं आणि पुन्हा तिच्याकडेच निघालं. ती मात्र मान वर करून आपल्या कोकराला हाका मारत होती.

"अगं, हेच तुझं!" व्हर्ना रडकुंडीला आली.

काठी टेकत तिची आई यानिबा मेंढवाड्यात शिरली. तिनं कोकरू उचलून हुंगलं.

"धुतलंस?"

"कोमट पाण्यानं. जरासा साबण. कुडकुडत होतं गं."

"वास गेला की त्याचा. आता पावडर पण लाव. तीस वर्षं हॉस्पिटलात माणसांची पोरं पुसलीस, तीच खोड."

शनिवारी व्हर्नाचा मावसभाऊ लिरॉय गाडी घेऊन येणार होता. तोवर तिला मेंढ्या सांभाळणं जमलं नाही, तर कळप त्याच्याकडे जायचा, असं ठरलं होतं. या कळपासाठीच ती फिनिक्सचं हॉस्पिटल सोडून आली होती.

"जमेल मला," ती म्हणाली. "माझी नाळ याच वाड्यात पुरलीय. नाळ पुरतात तिथंच माणसाचा जीव ओढतो, तूच सांगायचीस. विडाची विणायच्या मागाखाली, माझी इथं."

यानिबानं व्यालेल्या मेंढीची पेंढ्यात पडलेली जार काठीनं पुढे ढकलली.

"चोळ ही. पाठीला, शेपटीला. मग हिचाच चीक काढून लाव."

व्हर्नाचे हात कोपरापर्यंत चिकट झाले. मेंढीनं हुंगलं, मागं सरली, पुन्हा हुंगलं. ढुशी मारायला डोकं खाली घेतलं आणि तशीच उभी राहिली.

"तू नि विडा जुळ्या," यानिबा एकदम म्हणाली. "दोघींच्या नाळा पडल्या, त्या एकाच फडक्यात बांधून ठेवल्या मी. पुरायच्या दिवशी सोडून बघते, तर दोन्ही सारख्या. कुठली कुणाची, कळेना."

"मग?"

"एक मागाखाली पुरली, एक इथं."

"माझी कुठली?"

"तेच तर."

व्हर्ना लेंड्यांनी काळ्या पडलेल्या जमिनीकडे बघत राहिली.

"विडा तर मागावरून उठत नाही. आणि मला तिकडं, वॉर्डात, मधेच मेंढ्यांचा वास यायचा. तो कुठून यायचा मग?"

"मला काय विचारतेस? मी काय डॉक्टर आहे?"

कोकरू कासेला लागलं होतं. त्याची शेपटी भराभरा हलत होती. मेंढी पुन्हा पुन्हा मान वळवून त्याला हुंगत होती.

"ओळखलं वाटतं," व्हर्ना हळूच म्हणाली.

"छे. तिचाही घोटाळाच आहे अजून. पण पाजतेय." यानिबा वळली. "लिरॉयला काय सांगू?"

व्हर्ना हात धुवायला पाण्याच्या पिंपाकडे निघाली होती. पिंपाच्या काठावर साबणाची वडी होती. ती थांबली. चिकट हात तिनं जीन्सला पुसले आणि मागं फिरून मेंढीजवळ खाली बसली.