दाराला तीन दणके

मित्रांनो, त्या शुक्रवारीही सुखदेवरावांनी माझ्या दाराला तीन दणके दिले. दोन तळहाताने, एक कोपराने. धप्, धप्, खट्. मग मी उघडले. आतला गणवेश बाहेर काढता काढता ते म्हणाले, "रविवारी ह्याच्या बिजागरीला तेल घालतो."

"वीस वर्षं तुमचा रविवारच येतोय," त्यांच्या पत्नी ललिताबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या.

तो रविवार आलाच नाही. शनिवारी कामावरच त्यांचे हृदय थांबले.

मी एक जुने लोखंडी कपाट आहे. हडपसरच्या एका कारखान्यात माझा पत्रा वाकवला, मला हिरवा रंग दिला. तिथून जवळच्या मांजरी गावात, ह्या घरी आणताना मी टेम्पोतून पडले आणि दाराला पोचा आला. तेव्हापासून मी दणक्याशिवाय उघडत नाही. माझ्यात ललिताबाईंच्या साड्या राहिल्या, बुद्धवंदनेची पुस्तके राहिली, आणि पुढे खराडीच्या आयटी पार्कच्या पहारेकऱ्याचे दोन गणवेश.

सुखदेवराव ज्या फाटकावर उभे राहत, त्याच फाटकातून त्यांची लेक निकिता गळ्यात ओळखपत्र घालून कामाला जाई. गाडीवाले वडिलांवर खेकसत, ते ती पाही. घरी येऊन वही काढी. एका संध्याकाळी तिने माझ्या दोन्ही दारांवर गोधड्या टाकल्या, साड्यांत तोंड खुपसले आणि फोनवर रॅप रेकॉर्ड केला. साड्यांमध्ये आवाज घुमत नाही ना! अशी आठ गाणी झाली. तिच्या त्या पहिल्या अल्बमचे नाव 'गेटपास'. त्यात राग होता, शिव्या होत्या, आणि सगळ्याच्या खाली एक ताल होता. सकाळी गुपचूप टिपलेले, माझ्या दारावरचे वडिलांचे तीन दणके, वेग वाढवून लावलेले.

'गेटपास' फोनाफोनांतून पसरला. सफाईवाल्या बायकांनी त्याची रिंगटोन केली. ऑफिसात घरची बोली लपवणारी मुले डबा खाताना मोकळेपणाने 'हाय', 'न्हाय' म्हणू लागली. एका साहेबाने गाडीची काच खाली करून सुखदेवरावांना प्रथमच नाव विचारले. सदाशिव पेठेतल्या निवृत्त शिक्षिका मंदाकिनीबाईंनी तर निकिताला पत्र पाठवले : "शिव्या अकरा मोजल्या. नऊ योग्य जागी आहेत."

सुखदेवरावांनीही सगळी गाणी ऐकली. म्हणाले, "बोल झणझणीत हायेत बाळा. पण वाजवणारा कोण? लई घाई करतो."

"कंप्युटर आहे, पप्पा," ती हसली. खरे सांगितले तर घरचे अडकणारे दार जगाने ऐकले म्हणून ओशाळून ते दुसऱ्याच दिवशी तेल घालतील आणि ठेका जाईल, ही तिला भीती. पुढचा अल्बम झाला की सांगू, असे तिने ठरवले होते.

ते गेल्यावर महिनाभर मला कुणी उघडले नाही.

मग शेजारच्या गल्लीतली पायल स्वतःचे गाणे लिहून आली. "ताई, तुमच्या कपाटात म्हणू का?"

ललिताबाईंनी तेलाची बाटली आणली. "ह्यांचं राहिलेलं काम तेवढं करून टाक गं."

निकिताने बाटली बाजूला ठेवली. मित्रांनो, जुन्या वस्तूंना तेल जरूर घाला. पण त्यांच्यावर रोज ज्याचा हात पडतो, त्याला सांगायचे ते आधी सांगून टाका.

तिने दणके दिले. दोन तळहाताने, एक कोपराने, अगदी सावकाश. मी उघडले.

"ताई! हा तर 'गेटपास'चा ठेका!" पायल ओरडली.

निकिताने आत टांगलेल्या गणवेशाची बाही हातात घेतली.

"पप्पा," ती मोठ्याने म्हणाली, "कंप्युटर नव्हता तो. वाजवणारे तुम्हीच होता. घाई मी केली."