जिल्हा कुलाबा

विषय : खुलासा सादर करण्याबाबत.

नोटिशीत तीन मुद्दे होते आणि सात दिवसांची मुदत होती. आज त्रेपन्नावा दिवस. नोकरी काल दुपारी चार वाजून वीस मिनिटांनी संपली. तरी लिहितो.

मी भिकू. तेरा वर्षं पोलादपुरातल्या एका सरकारी कार्यालयात शिपाई. टपाल नेणं, पोच आणणं.

मुद्दा दुसरा आधी घेतो, तो सोपा आहे. 'सदर दाखला बनावट असल्याचे आपणास माहीत होते काय?'

होते.

मुद्दा पहिला. 'दाखला कोठून मिळवला?' महाडहून, १९८६ साली, एका माणसाकडून. शिपायाला सातवी लागत होती. माझी सहावी अर्धी. कुडपणला शाळा चौथीपर्यंत; पुढे रोज डोंगर उतरून जायचं. सहावीत पाय मोडला. बरा झाला, पण मी परत उतरलो नाही. त्या माणसाने विचारलं, कुठल्या साली पास व्हायचंय? मी बोटं मोजून १९७९ सांगितलं. त्याने दाखला लिहिला, गोल शिक्का मारला. शाई ओली होती, म्हणून एसटीत तो मांडीवर उघडाच ठेवला.

शिक्क्यात शाळेचं नाव. खाली 'जि. रायगड'.

इथे जरा थांबतो.

यंदा सगळ्यांचे दाखले तपासणीसाठी अलिबागला मागवले. आमचे अठरा. हरी भाऊसाहेब म्हणजे आमचे हेडक्लार्क. त्यांनी गठ्ठा माझ्याकडे दिला. "टॅग लाव, आजच पोस्टात टाक." दाभणाने भोकं पाडताना माझा दाखला तेरा वर्षांनी हातात आला. १९७९. जि. रायगड.

जिल्ह्याला रायगड नाव मिळालं १९८१ साली. त्याआधी कुलाबा. शाळेत वहीच्या पहिल्या पानावर आम्ही नाव, गाव आणि खाली जि. कुलाबा असंच लिहायचो. सहावी अर्धी राहिलेल्याला हे ठाऊक होतं. ज्याने शिक्का केला त्याच्या ध्यानात आलं नव्हतं.

खोलीत कुणी नव्हतं. पान काढता आलं असतं. पण वरच्या पत्रावर टाइप केलेलं होतं, 'सोबत कागद अठरा'. मी टॅगची गाठ मारली, गठ्ठा पोस्टात दिला, पावती आणून भाऊसाहेबांच्या टेबलावर ठेवली.

मुद्दा तिसरा. 'आपणावर कारवाई का करण्यात येऊ नये?'

एकदा लिहिलं, 'कारण तेरा वर्षांत माझ्या हातून एकही पोच'. खोडलं. एकदा लिहिलं, 'पाय मोडला होता'. तेही खोडलं. सात दिवस गेले.

काल भाऊसाहेबांनी टपाल दिलं. चार लखोटे. मान वर केली नाही. चौथ्यावर माझं नाव, रा. कुडपण.

"भाऊसाहेब, हा..."

"पत्त्यावर पोचव. पद्धत माहीत आहे ना तुला?"

"माहीत हाय. घरातल्या मोठ्या माणसाची सही. कोण नसेल तर दोन पंच घेऊन दाराला चिकटवायचा."

"असेल रे कुणीतरी घरी," ते म्हणाले आणि शाईची बाटली पुसायला लागले. तोंडावर सांगणं त्यांना जमलं नसावं.

तीन लखोटे खाली वाटले. मग एसटी, मग चढण. माझी बायको सुंदराबाई खळ्यात नाचणी झोडत होती.

"आज बुधवारचं कसं आलात?"

"ऑर्डर द्यायची हाय."

"कुणाला?"

"मला."

तिने हात पुसले, लखोटा फोडला. सगळं वाचलं, ओळीवर बोट ठेवून. सेवेतून काढून टाकण्यात येत आहे. आदेश मिळाल्याच्या वेळेपासून अंमल.

"सातवीसाठी?"

"सातवीसाठी."

"माझी हाय की सातवी. ट्रंकेत. खरी."

"बायकोची चालत नाय गो."

"मग तेरा वर्सं काय केलात? लोकांच्या दाराला कागद चिकटवलेत. त्याला सातवी कशाला लागते?"

मी घड्याळ बघितलं. "हितं सही कर. खाली वेळ घाल, चार वीस."

"नाय केली तर?"

"मग शेजारच्या चांगूला नि मालोजीला पंच म्हणून बोलवायला लागेल. आणि दाराला लावायचा."

"आपल्याच?"

"आपल्याच."

"चिकटवायला खळ कोण करणार? मीच ना?"

मी पेन पुढे केलं. तिने सही केली, पूर्ण नाव. वेळ घातली. कागद लांब धरून बघितला. "तुमच्यापरीस बरं हाय माझं अक्षर," म्हणाली, आणि काठी उचलली. कोपऱ्यातली दुसरी काठी मी घेतली. अंधार पडेपर्यंत आम्ही नाचणी झोडली.

आज दहाला कार्यालयात पोच दिली. भाऊसाहेबांनी सही तपासली, वेळ तपासली, टपालवही माझ्यापुढे सरकवली. शेवटचा रकाना, 'पोच आणणाऱ्या शिपायाची सही'.

"कर ना."

"चार वीसनंतर मी शिपाई नाय, भाऊसाहेब."

"मग ही पोच आणली कुणी?"

मी पेन टेबलावर ठेवलं. त्यांनी पट्टी घेऊन त्या रकान्यात आडवी रेघ मारली.

"बस जरा, भिकू."

त्या खोलीत मी कधी बसलो नव्हतो. उभाच राहिलो. टेबलावर आजचे लखोटे होते, पाच. वरचा कापडे गावचा. घर मला माहीत होतं, देवळामागचं, कुत्रं असलेलं. मी हात पुढे केला.

भाऊसाहेबांनी लखोटे उचलले आणि खणात ठेवले.