कमानीबाहेर

न दुखणाऱ्या गुडघ्यावर तेईझोने पट्टा बांधला. न्हाणीघराचं दार लावून, स्टुलावर बसून; आधी सैल, मग घट्ट.

*

लग्न ठरवायच्या बैठकीत फुसाएचे वडील म्हणाले होते, "पहिल्या संसारातलं नाव या घरात निघायचं नाही. चालेल?"

तेईझोने चटईला कपाळ टेकवलं होतं. "चालेल."

*

कुत्रीची प्रसूती सोपी असते. म्हणून पाचवा महिना लागला की पंचांगातला कुत्र्याचा दिवस पाहून गर्भारणीच्या पोटाला पांढरा पट्टा बांधायचा. तो देवीपुढून आणलेला असला तर उत्तम. आकिनाला आई नव्हती, तेव्हा तो आणायचं काम सासूने, म्हणजे फुसाएने, कुणी न सांगता स्वतःकडे घेतलं होतं.

*

"झालं सगळं," फोनवरचा माणूस म्हणाला. चाळीस वर्षांपूर्वी तो तेईझोचा मेव्हणा होता. "दहनही झालं. तुम्हाला कळवलेलं तिला आवडलं असतं की नाही, ठाऊक नाही. मला वाटलं, कळवावं."

"कशाने?"

"आजार होता. बरेच दिवस."



*

सुतकातल्या माणसाने देवांच्या देवळापुढच्या कमानीखालून जायचं नसतं. बुद्धाच्या मंदिरात जायला हरकत नाही. मेलेल्यांचं सगळं बुद्धाकडेच असतं.

*

"मंडळी, झोपलात की काय सगळे? डाव्या खिडकीतून बघा, सरोवर आलं. धुक्यामुळे दिसत नाहीये, पण आहे. माझ्यावर विश्वास ठेवा."

माइकवर नेझुबाई होत्या. पंचवीस वर्षं याच रस्त्यावर सहली नेऊन त्यांचा आवाज गुळगुळीत झाला होता. बसमध्ये हशा पिकला. सहल आळीच्या मंडळाची होती, त्यामुळे हसणारे सगळे एकमेकांच्या ओळखीचेच होते. काम्बेबाई त्यांच्या दुकानातली तांदळाची खारी बिस्किटं वाटत बसमधून फिरत होत्या, आणि ज्याला बिस्किट त्याला टोमणा, असा त्यांचा हिशेब होता.

"भावोजी, हे घ्या. कडक आहे, दात सांभाळून."

"दात माझेच आहेत अजून."

"बघा फुसाएताई, दात स्वतःचे, गुडघा मात्र परका!"

फुसाए हसली. तिने खिडकीवरची वाफ रुमालाने पुसली आणि बाहेरच्या पांढऱ्या धुक्याकडे बघत बसली. सून गरोदर असल्याचं कळलं त्याच आठवड्यात तिने या सहलीत दोघांची नावं घातली होती. सरोवराकाठचं जुनं देऊळ, डोंगरावरचं बुद्धमंदिर, लाल झालेले मेपल, हे सगळं तिच्या लेखी वाटेत लागणारं होतं. तिला जायचं होतं ते शेवटच्या थांब्यावर, सुखप्रसूतीच्या देवीकडे.

फोन त्यानंतर आला होता. गेल्या आठवड्यात, फुसाए आंघोळीला गेलेली असताना.

येत नाही म्हणायचं तर कारण हवं. खरं कारण सांगायचं तर ते नाव घरात निघणार. तेईझोकडे उरला गुडघा. त्याने सगळं पुन्हा पुन्हा जुळवून पाहिलं होतं. फुसाएचं त्याच्या पहिल्या लग्नाच्या त्या मुलीशी रक्ताचं नातं नव्हतं, तिला काही माहीतही नव्हतं. ती कमानीखालून गेली तर येणाऱ्या बाळाला बाधा नव्हती. बाधा त्याची होती. तो आत गेला, तर पोटातल्या नातवंडाच्या वाटेत मृत्यूचा विटाळ घेऊन जाणार. शिवाय, आणि हे त्याने फार जुळवून पाहिलं नव्हतं, तो आत गेला तर याचा अर्थ असा की त्याचं कुणीच गेलेलं नाही.

*

"कमानीच्या मधोमध चालायचं नाही हं. मधली वाट देवाची. आपण कडेकडेने."

नेझुबाईंची पिवळी झेंडी पुढे गेली. तेईझो दगडी सिंहाच्या चौथऱ्यापाशी थांबला.

"चला की," फुसाए म्हणाली.

"मी इथेच बरा. गुडघा."

"अहो, चार तर पायऱ्या आहेत."

"त्याच नडतात."

तिने त्याच्या गुडघ्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. "बरं, इथलं राहू दे. पण शेवटच्या देवळात मात्र लंगडत का होईना, यायचं. नातवंडासाठी मागायचंय. दोघांनी मागायचं असतं."

"बघू."

"बघू नाही."

ती कमानीशी वाकली आणि कडेने आत गेली. थोड्या वेळाने आतून देवापुढे वाजवायच्या टाळ्या ऐकू आल्या, प्रत्येकाच्या दोन-दोन, मागेपुढे, विस्कळीत. तेईझोचे हात आपसूक छातीपर्यंत आले होते. त्याने ते कोटाच्या खिशात घातले.

*

जेवायला शिजवलेले बारके मासे होते, गोडसर. तेईझोने ते ताटलीच्या कडेला सारून ठेवले. "मासे सोडलेत की काय?" कुणीतरी विचारलं. "पोट जड आहे," तो म्हणाला.

गुडघा आणि पोट, फुसाएने मनात दोन्ही शेजारी शेजारी ठेवलं असावं. कारण तिने त्याच्या ताटलीतले मासे उचलून खाल्ले नाहीत. एरवी खाल्ले असते.

*

डोंगरावरच्या बुद्धमंदिराच्या पायऱ्या उंच होत्या आणि पानगळीने ओल्या. नेझुबाई खालीच म्हणाल्या, "ज्यांना जमणार नाही त्यांनी चहाच्या दुकानात बसावं, कुणी हसणार नाही." तीन-चार जण बसले. तेईझो बसला नाही. त्याने कठडाही धरला नाही. मान खाली घालून तो एका लयीत चढत राहिला आणि झेंडीच्याही आधी वर पोचला.

फुसाए वर आली तेव्हा तो धूपपात्रापुढे उभा होता. त्याने उदबत्तीची एकच काडी पेटवली होती. लोक येत होते, काडी खोचत होते, धूर अंगावर ओढून घेत होते, हसत खिदळत फोटो काढत होते आणि बाजूला होत होते. तेईझो हात जोडून तिथेच होता. एका बाईने त्याला वळसा घालून आपली काडी खोचली.

काम्बेबाई धापा टाकत पोचल्या. "अगं बाई! हा गुडघा सकाळचाच ना? फुसाएताई, तुमच्या यजमानांचा गुडघा देवांना घाबरतो, बुद्धाला नाही!"

सगळे हसले. फुसाएही हसली, आणि गॅसवर काहीतरी तसंच राहून गेल्याचं आठवावं तशी हसता हसता मध्येच थांबली.

*

"मंडळी, समोर जे दिसतंय त्याचं मी वर्णन करणार नाही. बघून घ्या. वीस मिनिटं. नंतर ऊन जातं."

खाली दरी लाल होती. दोघे बाकावर बसले. फुसाएने थर्मासमधला चहा झाकणात ओतून त्याला दिला.

"मिएकडे राहतात ते भावोजी बरे आहेत ना?" तिने विचारलं.

"ताकेओ? बरा आहे. रविवारी बोललो की."

"आणि वन्सं?"

"तिला काय होतंय. परवा मुळे पाठवले नाहीत का तिने? तूच तर लोणचं घातलंस."

"हो. घातलं."

तेईझोने चहा संपवून झाकण परत दिलं. ते तिने पुसलं, पुसून झाल्यावर पुन्हा पुसलं. त्याचे आईवडील जाऊन वर्षं झाली होती. सुतक धरावं अशी त्याच्या रक्ताची माणसं बोटांवर मोजण्याइतकी, आणि त्यांची चौकशी आत्ता करून झाली होती. मुलगा र्योहेई तर सकाळीच फोनवर होता, पट्टा लांबीला पुरेल ना, म्हणून विचारत. आणखी कुणाचं नाव उरलं नव्हतं. म्हणजे एक उरलं होतं. ते घरात निघत नसे.

फुसाएने डब्यातलं शेवटचं बिस्किट मोडलं आणि मोठा अर्धा त्याच्या हातावर ठेवला.

"थंडी वाजते का?" त्याने विचारलं.

"नाही."

*

शेवटच्या देवळाची कमान लाकडी होती, रंग न दिलेली. आज कुत्र्याचा दिवस, त्यामुळे गर्दी होती. पोट सांभाळत चालणाऱ्या मुली, त्यांच्या बाजूला पिशव्या सांभाळत चालणाऱ्या आया. कमानीच्या एका अंगाला दगडी कुत्री होती, तिच्या पोटाशी पिल्लं. येणाऱ्या-जाणाऱ्यांचे हात फिरून फिरून पिल्लांची डोकी गुळगुळीत झाली होती.

"पट्टे उजव्या हाताच्या खिडकीवर," नेझुबाई सांगत होत्या. "खिडकी लवकर बंद होते. आधी पट्टा, मग फोटो."

माणसं दोघा-दोघांनी वाकून आत जाऊ लागली. तेईझो कमानीपासून थोडा अलीकडेच उभा राहिला. त्याने टोपी काढून हातात घेतली.

"फुसाए, तू जाऊन ये."

फुसाएने पर्स उघडली.

"ऐक. तू जा. मी आलो नाही तरच बरं आहे ते. म्हणजे, बाळासाठी. मला—" त्याने टोपीची कड बोटांत फिरवली. "तुला मी शब्द दिला होता."

"मला नाही," फुसाए म्हणाली. "माझ्या वडिलांना."

तिने पाठ वळवली. तेईझोला वाटलं, ती आत चालली. सकाळपासून तिने नीट घडी घालून ठेवलेलं रेशमी फडकं तिने पर्समधून काढलं होतं, पट्टा गुंडाळून आणण्यासाठी. चार पावलं गेली, आणि कमानीच्या सावलीला पाऊल लागायच्या आत थांबली.

"काम्बेबाई!"

"काय हो?" काम्बेबाई वाकण्याच्या बेतात होत्या, तशाच सरळ झाल्या. "चला की लवकर! भावोजींचा गुडघा पुन्हा रुसला वाटतं? मी उचलून घेते हवं तर!"

दोन-तीन जण हसले.

"एक काम करा," फुसाए म्हणाली. तिने ते फडकं दोन्ही हातांनी पुढे धरलं. "आमच्या सुनेचा पट्टा तेवढा तुम्ही आणा."

"मी? अहो, तुम्ही उन्हाळ्यापासून या देवळाचा जप लावलाय, आणि आता दारात येऊन..."

"आम्हाला दोघांनाही आत जाता येत नाही. घरी सुतक आहे."

"सुतक?" काम्बेबाईंचा हात तोंडाशी गेला. "अगं बाई. कुणाचं? बोलला नाहीत ते!"

"आमच्या थोरलीचं."

आळीत सगळ्यांना सगळ्यांची घरं माहीत असतात. इकेजिरींच्या, म्हणजे तेईझो-फुसाएच्या, घरात एकच मूल, र्योहेई, त्याच्या बारशापासून सगळं काम्बेबाईंनी पाहिलेलं होतं. त्यांनी फुसाएकडे पाहिलं. तिच्यामागे हातात टोपी धरून उभ्या असलेल्या तेईझोकडे पाहिलं. त्यांचं तोंड उघडं होतं. ते मिटलं. 

नेझुबाईंनी झेंडी खाली घेतली आणि दोघांना कमरेतून वाकून नमस्कार केला. तसा त्यांनी दिवसभरात कुणाला केला नव्हता.

काम्बेबाईंनी फडकं घेतलं. "सुनेचं नाव काय सांगू?" त्यांनी हळूच विचारलं.

"आकिना. पाचवा महिना."

"आकिना," त्यांनी घोकलं, आणि त्या कडेने आत गेल्या.

दोघे बाहेर राहिले. वाटेत उभं नको म्हणून फुसाए भिंतीकडेला सरकली. तेईझो तिच्या शेजारी जाऊन उभा राहिला. आतून टाळ्यांचे आवाज येत होते.

"तू जायला हवं होतंस," तो म्हणाला. "तुला काही बाधा नव्हती."

"असं कसं?"

तिने पर्स मिटून काखेत धरली.

"फोटो आहे का तिचा?" फुसाएने विचारलं.

"नाही."

"एकही?"

"सगळं तिकडेच राहिलं."

"असू दे. उद्या नाव लिहून घेऊ, आणि सासूबाईंच्या फोटोशेजारी ठेवू. नैवेद्याचा भात रोज मी ठेवीन." ती थांबली. "अक्षरं कशी लिहायची ते तेवढं दाखवा. मला नुसतं ऐकून माहीत आहे."

तेईझोने तिचा हात घेतला, उलटा केला आणि तळव्यावर बोटाने नाव काढलं. चि, नात्सु. हजार, आणि उन्हाळा. ती नीट पाहत होती. दुसऱ्यांदा काढताना त्याचं बोट मध्येच थांबलं, तेव्हा उरलेलं अक्षर तिने स्वतः पुरं केलं.

चिनात्सु तीन वर्षांची असताना तेईझो तिला एकदा बसने समुद्र दाखवायला घेऊन निघाला होता. तिला बस लागली, आणि ते अर्ध्या वाटेत उतरून परत आले.