विटाळातली इंजेक्शनं

मूल राहावं म्हणून पोटात टोचायची इंजेक्शनं पाळीच्या दुसऱ्या दिवसापासूनच सुरू करायची आणि फ्रिजमध्येच ठेवायची, असं अकोल्याच्या डॉक्टरीणबाईंनी निकिताला बजावून सांगितलं होतं. आता आसेगावच्या त्या घरात फ्रिज कुठे? स्वयंपाकघरात, देव्हाऱ्याला लागून. आणि पाळीत सून कुठे? मागच्या टिनाच्या खोलीत. झाली की नाही पंचाईत!

निकितानं तोड काढली होती. रोज संध्याकाळी नवऱ्यानं, ऋषिकेशनं, एक इंजेक्शन काढून द्यायचं, बस. पण पहिल्याच संध्याकाळी सासू सोजरबाई अख्खा डबाच घेऊन आली आणि उंबऱ्यावर ठेवून मागं सरकली.

"तुह्या विटाळाच्या सुया माह्या दुधादह्याजवळ नको. ठेव तुह्याजवळच."

"आई, गरमीनं खराब होते हे औषध! डॉक्टरनं..."

"आमाले का सुया टोचून झाले लेकरं?"

अहो, ज्या पाळीवर सगळा खेळ उभा, तिचाच विटाळ! वैशाख पेटलेला, दुपारी टिनाला हात लावायची सोय नाही. बिचारीनं डबा ओल्या फडक्यात गुंडाळून माठाशी टेकवला आणि ऋषिकेशला म्हणाली, "तुमी ठेवा ना आत. नाहीतं डॉक्टरले फोन तरी करा, असं चालते का म्हणून."

नंबर त्याच्याकडेच होता. थोड्या वेळानं तो दारात आला. "केला फोन. चालते म्हणे. आता आईच्या डोक्याले ताप नको देऊ."

निकिताचा जीव भांड्यात पडला. दात-ओठ आवळून ती रोज स्वतःच्या हातानं सुई टोचत राहिली. पोट काळंनिळं झालं. इतकी वर्षं वांझ म्हणवून घेतलेली बाई, तिला सुईचं काय! उपचार फसला तर पोराचं दुसरं लग्न करू, असं सोजरबाईनं शेलूबाजारच्या सोयऱ्यांना सांगूनही टाकलं होतं.

सोनोग्राफीच्या दिवशी डॉक्टरीणबाईंनी पडद्यावर पाहिलं, पुन्हा पाहिलं. "एकही अंडं वाढलेलं नाही. औषध गरम झालं होतं का?"

"बाहेर होतं," निकिता म्हणाली, "पण तुमीच तं फोनवर म्हटलं, चालते."

"मी? मला तर कुणाचाच फोन आला नाही."

निकितानं नवऱ्याकडे पाहिलं. तो फरशीकडे पाहत होता.

"डबा हिच्याजवळच होता, मॅडम," तो म्हणाला. नीच मेला! आणि खोटं म्हणाल तर त्यात एक शब्द नव्हता.

"पुढच्या पाळीला पुन्हा करू," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

बाहेर बाकावर सोजरबाई बसली होती. "काय झालं रे?"

"हिचे अंडेच नाही वाढले," ऋषिकेश म्हणाला.

"मले माईतच होतं. हिच्यातच दम नाही."

निकिताच्या तोंडाशी आलं ते रडू नव्हतं, संताप होता. भर गर्दीत ती मोठ्यांदा म्हणाली, "आई, दुसरी पोरगी पाह्याची तं खुशाल पाहा. मले लेकरू आजबी पाह्यजे. पण या तुमच्या पोराचं नको."