सर्वसाधारण

तहसीलच्या साहेबांनी ग्रामपंचायतीच्या आरक्षण सोडतीत आमच्या वार्डाच्या जागेपुढे "सर्वसाधारण" असं वाचलं आणि रुपीयाडीने भर ग्रामसभेत हात जोडले. बायांच्या घोळक्यातून माझ्याकडे सरकत ती कानात म्हणाली, "नलू, साधारन म्हंजे आपूनच न. गरिबाची सीट झाली."

मी तांड्यावरची अंगणवाडीताई, चार बुकं शिकलेली. पण त्या तोंडावरचा आनंद मोडायला जीभ रेटेना.

रुपीबाई राठोडला सगळा तांडा याडी म्हणतो, म्हणजे आई. कापूस वेचून, सोयाबीन सोंगून जगलेली बाई. मागच्या निवडणुकीत मागासवर्गातल्या महिलेची जागा निघाली म्हणून ती मेंबर झाली. उभी राहिली तीही एकाच कारणासाठी. तिची सून पुष्पा भरल्या दिवसांत विहिरीवर पाणी ओढताना घसरली होती. बाळ गेलं. त्यानंतर याडीने नळ हा एकच शब्द लावून धरला. सभेतली माणसं चहा पिऊन उठायला लागली की ही विचारायची, "आमचा नळ?" लोक हसायचे. हसू देत मेले. पाइप नाल्यापर्यंत आला तो तिच्याच तोंडामुळे, आणि नाला ओलांडला की तांडाच. तेवढ्यात मुदत संपली आणि काम तिथंच थांबलं. पुष्पाला आता पुन्हा दिवस गेलेत.

साहेबांनी समजावलं होतं, नाही असं नाही. राखीव जागा एकूण निम्म्याच्या वर नेता येत नाहीत, कोर्टाची मर्यादा आहे. आमच्याकडे कोलामांची वस्ती मोठी, त्यामुळे आदिवासींच्या जागा जास्त निघाल्या, अनुसूचित जातीची एक निघाली, आणि निम्मं तिथंच भरलं. मागासवर्गाला, म्हणजे आम्हा बंजाऱ्यांनाही, काही उरलं नाही. मग बायकांच्या चिठ्ठ्या काढल्या, त्यातही आमचा वार्ड आला नाही.

संध्याकाळी याडी घरोघर गूळ वाटायला निघाली तेव्हा मात्र मला सांगावंच लागलं. सर्वसाधारण म्हणजे खुली जागा, कोणीही उभं राहावं, आणि गावातल्या बड्या सदाशिवरावांचा पोरगा अमर आत्ताच तयारीला लागलाय. तिने गुळाचा डबा झाकला.

"कोलामाईले भेटलं ते बरं झालं," मग ती म्हणाली. "त्यायचे हाल आपल्याहून बेकार. पन कोनी बी राहू शकते म्हनतं, त मी काहून नाही?"

कायद्याने तिचं बरोबरच होतं. अर्ज भरला.

माघारीच्या आदल्या दिवशी सदाशिवरावांनी आमच्या तांड्याच्या नायकाला, प्रेमसिंगला, मारुतीच्या पारावर बोलावलं. चहा झाला, गोड बोलणं झालं. निवडणूक बिनविरोध करू, गावाची शोभा राहील, तांड्यावरच्या देवळाला सभामंडप देऊ. नायकाने हो म्हटलं. आमच्यात नायकाचा शब्द मोडत नाहीत. मोडला तर लग्नात, मयतीत कोणी दारात उभं राहत नाही. बाईचा अर्ज बाईला न विचारता सोडून आले, आणि वर मिशीला पीळ. माझ्या तर तळपायाची आग मस्तकात गेली.

याडी त्याच्या दारात गेली, मी सोबत होते. बाळ गेलं तेव्हाही चारचौघांत न रडलेली ती बाई नायकाच्या उंबऱ्यावर पदर पसरून बसली.

"नायका, मंडप कायले मांगतं? नळ मांग. पोरीचे दिवस भरत आले."

प्रेमसिंग खाली पाहत राहिला. मिशी कुठल्या कुठे गेली.

"आता बोलून बसलो न, याडी," तो म्हणाला. "नळाचं सुचलंच नाही."

सुचलंच नाही! पाइप नाल्याशी येऊन पडलाय, रोज येताजाता त्याला ठेच लागते, आणि माणसाला सुचलंच नाही.

दुसऱ्या दिवशी तहसिलात याडीने माघारीवर सही केली. अंगठा नाही, सही; मेंबर झाल्यावर मीच शिकवलेली. परतताना जीपमध्ये दाटीवाटीने बसलो होतो. तिने माझा हात धरला तो तांडा येईपर्यंत सोडला नाही.

"साधारन त आपून हाओच, नलू," एवढंच ती बोलली. "सर्वांत मात्र धरत नाहीत आपल्याले."

अमर बिनविरोध निवडून आला. मंडपाचे खांब उभे राहिले. पाइपाच्या तोंडात कोणीतरी चिंधी कोंबून ठेवलीय, साप शिरू नये म्हणून.

याडीने मजुरीला जाणं सोडलंय. पुष्पाला ती विहिरीकडे फिरकू देत नाही, घरचं सगळं पाणी स्वतः ओढते. या वयात तिच्या तळहातांची सालं निघालीत, त्यावर हळद लावून पुन्हा दोराला हात घालते.

काल नायकाची सून हंडा घेऊन विहिरीवर आली. तीही पोटुशी आहे. याडीने तिच्या हातातला दोर काढून घेतला.

"मांगं सर," ती म्हणाली. "इथं ओलं हाय."

आणि तिने बादली विहिरीत सोडली.