तळ्याची दटावणी

मी एक जुनी दटावणी आहे. हसू नका मित्रांनो, दटावणी हा आमच्याकडे गाण्याचाच एक प्रकार आहे. आणि मी रागावलेली आहे, हे आधीच सांगून टाकते. मागाहून तक्रार नको.

आमच्या आकाशात दोन चंद्र आहेत. वर्षातून एका संध्याकाळी ते शेजारी शेजारी उगवतात आणि गावाखालचं तळं उठतं. उठतं म्हणजे खरोखरच उठतं. पायऱ्या चढतं, खालच्या आळीत शिरतं, कुणाच्याही चुलीत जाऊन बसतं. आमच्या जगातल्या तळ्यांना कान असतात, अक्कल मात्र बेताचीच.

फार पूर्वी ते असंच एका परटिणीच्या घरात शिरलं आणि तिच्या बाळाच्या पाळण्याला टेकलं. बाई घाबरली नाही, संतापली. हातातलं कपडे धुण्याचं धोपटणं उंबऱ्यावर आपटत तिने तळ्याची अशी खरडपट्टी काढली की शेजाऱ्यांनी कानांत बोटं घातली.

हो मागे, हो मागे, कोणी बोलावलं तुला?
उंबरा ओलांडताना लाज नाही तुला?

शेवटी तिचा दम संपला आणि ती गप्प झाली. त्या शांततेत तळं खजील झालं आणि मुकाट्याने पायऱ्या उतरून गेलं. तो माझा जन्म.

पुढे कित्येक पिढ्या खालच्या आळीने मला सांभाळलं. चंद्र जवळ आले की सगळे धोपटणी घेऊन पायरीवर जमत, मला घसा फाटेस्तोवर म्हणत आणि मग एकदम गप्प होत. ते गप्प राहणंही माझाच भाग आहे. रागावून झाल्यावर समोरच्याला लाजायला जरा वेळ द्यावा लागतो. ज्यांच्या घरात पोरं आहेत त्यांना हे सांगायला नको.

सगळ्यांत छान मला म्हणायची ती आळीतली सुईण. काय तिचा आवाज! फुटक्या घागरीसारखा! तिचा मुलगा शिकून गायनमास्तर झाला आणि टेकडीवर राहायला गेला. त्याचा माझ्यावर फार जीव होता. तिथेच घोळ झाला.

"आई, इतकी सुंदर चाल, आणि असले शब्द? चारचौघांत कसं म्हणायचं हे?"

"चारचौघांना कोण ऐकवतंय? तळ्याला ऐकवायचंय," सुईण म्हणाली.

पण लेकाने ऐकलं नाही. धोपटणी गेली, बासऱ्या आल्या. माझ्या तोंडी 'हे निळ्या, हे कोमल जळा' असलं काहीतरी घातलं. आणि माझं गप्प राहणं? तिथे लोक खोकतात म्हणून तेही बासरीने भरून काढलं! टेकडीवरचे लोक माना डोलावू लागले. माझी जीभ कापली, वर ओठांना लाली लावली, आणि म्हणे वाहवा!

स्तुती कोणाला आवडत नाही? तळ्यालाही आवडली. नीट ऐकू यावी म्हणून ते दरवर्षी थोडं आणखी जवळ येऊ लागलं. एका वर्षी तेल्याचा घाणा बुडाला, दुसऱ्या वर्षी कुंभाराची कच्ची मडकी विरघळली. लोक म्हणाले, तळ्याला हल्ली काय झालंय कोण जाणे. माझं काय झालंय, ते कोणी विचारलं नाही.

यंदा पायरीवर मास्तरांची मंडळी पांढरेशुभ्र कपडे घालून गात होती आणि तळं त्यांच्या पायांतून सरळ आळीत गेलं. शेवटच्या घरात सुईण खाटेवर पडून होती. तिचे पाय केव्हाच गेले होते, पण ती घर सोडायला तयार नव्हती. मास्तर गुडघाभर पाण्यातून धावत आत आले. पाणी गादीला लागलं होतं. एकट्याने आईला उचलणं त्यांना जमेना.

सवयीने त्यांनी सुरू केलं, "हे निळ्या, हे कोमल..."

"ओवाळतोस काय त्याला?" सुईण ओरडली. "हाकल!"

मास्तरांनी आईची ओली गादी पाहिली. खुंटीवरचं धोपटणं ओढलं, दारावर हाणलं, आणि मी त्यांच्या तोंडून बाहेर पडले! बेसूर, घोगरी, जशीच्या तशी. किती वर्षांनी मोकळा श्वास घेतला मी!

"आता गप्प राहा," सुईण हळूच म्हणाली.

पाणी तसंच होतं. तरी मास्तरांनी तोंड उघडलं नाही. मग खाटेखाली चुळबुळ झाली. तळं निघालं, दाराशी जरा घुटमळलं आणि गेलं.

दुसऱ्या दिवशी टेकडीवरची मंडळी आली. "काल पायरीपर्यंत ऐकू आलं, फारच प्रभावी झालं हो! फक्त शब्द जरा सौम्य केले तर..."

मास्तर गादी वाळत घालत होते. त्यांनी मंडळींना माझी पहिली ओळ ऐकवली आणि गप्प उभे राहिले. मंडळी खाली माना घालून परत गेली.

मित्रांनो, तुमच्याकडेही एखादी जुनी, खरखरीत गोष्ट असेल. तिला जरूर जपा. पण जपण्याच्या नावाखाली घासून घासून गुळगुळीत करू नका, कारण ती खरखर कुणाचा तरी पाळणा वाचवण्यासाठी आलेली असते. आणि तुम्ही ते आधीच केलं असेल, तर माझं बोलून झालं. आता मी गप्प राहते.